तिसरा पुकारा

"त्या बाईच्या बाजूले बसू नका, ताई. कोर्टात ओळख दाखवाची नसते." वकील धर्मेंद्र यांनी पहिल्याच तारखेला चारुलताला बजावलं होतं. तिने ते कानाआड केलं. व्हरांड्यात पंख्याखाली एकच बाक होता, शेवटचा, आणि तिच्या कडेवर काही महिन्यांची गार्गी होती.

घर चारुलताच्या नावावर, म्हणून तारखेलाही तीच यायची. नवरा साहिल बुटीबोरीला फॅक्टरीत. त्याला सुट्टी मिळत नसे.

ती बाई म्हणजे यमुताई. दोघी बेसा वस्तीतल्या, एकाच गल्लीतल्या. यमुताईंना लहानपणापासून ऐकू येत नाही. समोरच्याचे ओठ बघून त्या समजून घेतात, आणि बोलतात मात्र ठणठणीत. गल्लीतली निम्मी ब्लाउजं त्यांच्या हातची, गार्गीच्या अंगावरचं झबलंही. त्यांच्या शिलाईच्या खोलीकडे जायच्या वाटेवर शेजाऱ्यांनी भिंत घातली, गिऱ्हाईक यायचं थांबलं, तेव्हा त्यांनी दावा लावला. वकील फुकट मिळाल्या, सरकारी विधी सेवेतून. प्रीती मॅडम. मन लावून काम करणाऱ्या, पण एका सकाळी तीन कोर्टांत धावणाऱ्या.

जूनमध्ये तो दावा गैरहजेरीत काढून टाकला गेला होता. यमुताई गैरहजर नव्हत्याच. याच बाकावर बसल्या होत्या, जांभळी पिशवी मांडीवर घेऊन, दाराकडे पाठ करून. शिपायाने तीनदा नाव पुकारलं. चारुलता शेजारीच होती. तिने तिन्ही पुकारे ऐकले आणि गार्गीच्या टोपीची नाडी बांधत राहिली.

प्रीती मॅडमनी अर्ज देऊन दावा पुन्हा उभा केला. न्यायाधीश साहेबांनी सांगितलं, बाईंना हात करून बोलवत जा. हेही सांगितलं की पुन्हा गैरहजेरी लागली तर संधी मिळणार नाही. मग शिपाई बदलला. नव्याला कोणी काही सांगितलं नाही.

दिवाळीनंतर एका दुपारी चारुलताच्या हातून परात पडली, गार्गीच्या अगदी मागे. गार्गीने वळून बघितलं नाही. खेळात रमली असेल, साहिल म्हणाला. तो गेल्यावर चारुलताने परात पुन्हा पाडली. मुद्दाम.

आजच्या तारखेला प्रीती मॅडम वरच्या मजल्यावर अडकल्या होत्या. यमुताई बाकाच्या एका टोकाला, चारुलता दुसऱ्या. चौदा महिन्यांची गार्गी मधून रांगत गेली आणि जांभळी पिशवी ओढू लागली. यमुताईंनी तिच्या हातात दोऱ्याचं रिकामं रीळ दिलं.

"झबलं आखूड झालं वं तुले," त्या सगळ्या व्हरांड्याला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या. गार्गीकडे बघून. चारुलताकडे नाही.

पहिला पुकारा झाला. यमुताई रीळ घरंगळवत होत्या. दुसरा झाला. दारात उभे असलेले धर्मेंद्र चारुलताकडे बघत होते. त्यांनी हळूच मान हलवली, नको म्हणून.

शिपायाने तिसऱ्यांदा तोंड उघडलं तेव्हा चारुलताने यमुताईंच्या खांद्यावर हात ठेवला आणि दाराकडे बोट केलं.

आत साहेबांनी शिपायाला दोन प्रश्न विचारले आणि लगेच आदेश लिहिला. पुढच्या तारखेपासून बाईंना नावाची पाटी दाखवायची, आणि त्यांना जे विचारायचं ते कागदावर लिहून द्यायचं. यमुताईंनी तो आदेश दोनदा वाचला. दुसऱ्यांदा बोट ठेवून.

बाहेर धर्मेंद्र यांनी चारुलताला गाठलं. "काहून केलं, ताई?"

"त्यांना ऐकू येत नाही."

"ते मले माहीत नाही का?"

चारुलता गार्गीकडे वळली. तिकडे यमुताईंनी पिशवीतून टेप काढून गार्गीची उंची घेतली होती, आणि आकडा तळहातावर लिहून त्या निघाल्याही होत्या.

पुढची तारीख बावीस जानेवारी. त्याच सकाळी गार्गीच्या कानांची तपासणी आहे. चारुलताला येता येणार नाही, धर्मेंद्र एकटेच असतील. शिपाई पाटी दाखवेलही. पण शिपाई बदलतात. त्या दिवशी तुम्ही तिथे असाल तर शेवटच्या बाकावर जांभळ्या पिशवीची बाई बसली आहे का, तेवढं बघा, आणि पुकारा झाला की त्यांच्या खांद्याला हात लावा. दाव्याचं नाव लक्षात असू द्या: यमुना काळबांडे विरुद्ध चारुलता भोयर.