ताईचा खोकला

सरकारने लिहून दिलेलं अभिभाषण राज्यपालांना जसंच्या तसं वाचावं लागतं. आदल्या संध्याकाळी ते गावी थोरल्या बहिणीला फोनवर वाचून दाखवायचे. एखादं वाक्य पटलं नाही की ती नुसती खोकायची.

"ताई, शब्द माझे नाहीत गं."

"तोंड तर तुझंच ना?"

यंदा तो फोन झाला नाही. रुग्णवाहिकेची वाट बघता बघता ताई गेल्याच महिन्यात गेली होती.

भरल्या सभागृहात राज्यपाल वाचत होते, "माझ्या शासनाने गावोगावी वेळेवर रुग्णवाहिका पोहोचवली आहे." आणि ते खोकले.

सचिवांनी लगबगीने पाणी पुढे केलं.

"घसा ठीक आहे माझा," राज्यपाल माइकवरच म्हणाले. त्यांनी तेच वाक्य पुन्हा वाचलं, आणि पुन्हा खोकले.