दुसरी शिवण

लढाई पेटली आणि छत्र्या शिवणाऱ्या कारखान्याच्या मालकाला पॅराशूटचं कंत्राट मिळालं. प्रत्येक सांध्याला दोन शिवणी ठरलेल्या. हा पठ्ठ्या एकीवरच भागवायचा. "वर आभाळात शिवणी कोण मोजतंय?" म्हणायचा आणि घडी घातलेला माल न उघडताच पाठवून द्यायचा. एकदा जेवणाच्या सुट्टीतही मशिनं खडखडली. चोरून बाहेरची शिलाई चाललीय म्हणत तो तावातावाने आत शिरला. टेबलांवर पॅराशूटच पसरलं होतं. पांढऱ्याशुभ्र रेशमावर लाल, हिरवी, जांभळी दुसरी शिवण धावत होती. "घाबरू नका मालक, दोरा आमच्या घरचा," म्हातारी शिंपीण मान वर न करता म्हणाली. "कधीपासून?" "पहिल्या पॅराशूटपासून. खाली उतरणारं पोर कुणाचं तरी असतंच." खिडकीतून वारा घुसला, रेशीम फुगून छताला भिडलं. मालक वर बघतच राहिला, एकेक शिवण मोजत. मग कमरेची किल्ली काढून त्याने दोऱ्याचं कपाट उघडलं. "मावशी, एखादं मशिन रिकामं आहे?"