डब्यावरचं कुंकू

"नमुन्याच्या डब्यावर कसलीही खूण चालत नाही गं! कुंकू लावलं कुणी?" कोर्टात आमच्या वकीलबाई कुजबुजल्या.

"सासूबाईंनी. नव्या कामाला लावतातच ना." एवढ्यावरून अंगणवाडीच्या लाडवांच्या टेंडरमधून आमचा बचत गट बाद झाला होता. माझ्या मांडीवर तान्ही चुळबुळत होती.

सरकारी वकील उठले. "नमुने निनावी तपासायचे असतात. खुणेवरून डबा कुणाचा ते कळतं, मायलॉर्ड."

न्यायमूर्तींची नजर सरकारी वकिलांच्या नव्याकोऱ्या बॅगेवर गेली. तिच्यावरही कुंकवाचं बोट होतं. "हे कुणी लावलं?"

"आईनं," ते ओशाळले.

"यावरून तुमच्या आई कोण, ते कळेल? गटाला स्पर्धेत परत घ्या."

बाहेर येताच सासूबाईंनी कुंकवाची डबी काढली. "आता डब्याला नाही हं लावायचं," म्हणत त्यांनी बोट तान्हीच्या कपाळावर टेकवलं.