कासवांचा हौद

आयुष्यभर पाण्याच्या टाक्या बांधलेल्या मोरेश्वर गवंड्याने परसातला हौदही तसाच बांधला, खोल आणि सरळ भिंतींचा. कासवांना खरचटायला नको म्हणून त्याने आतलं सिमेंट घोटून घोटून काचेसारखं गुळगुळीत केलं.

आतल्या खोलीत अंथरुणाला खिळलेली त्याची बायको कुमुद थापीचा आवाज ऐकत पडून असायची. तिने पोरांसारखी जपलेली दोन्ही कासवं इतकी वर्षं न्हाणीतल्या टबात, एका विटेवर चढून बसत आली होती. "मी जायच्या आधी त्यांना एकदा उन्हात बसलेलं बघू द्या," एवढंच तिचं मागणं होतं.

काल संध्याकाळी त्याने हौद भरून कासवं सोडली.

सकाळी दोन्ही निपचित तरंगत होती. गुळगुळीत भिंतींवर चारही बाजूंनी नखांचे ओरखडे होते. गवंड्याच्या घरी विटांना काय तोटा, पण पाण्याच्या वर येतील इतक्या हौदात रचायचं त्याला सुचलं नव्हतं.

"अहो, बसली का हो उन्हात?" आतून कुमुदने विचारलं.

"बसलीत," तो कसाबसा म्हणाला.

"मग मला उचलून न्या की. आज जरा हुशारी वाटतेय."