रिकाम्या खोलीतली हवा

खोलीत चौदा खुर्च्या, एक लांब टेबल, दोन न उघडणाऱ्या खिडक्या आणि भिंतीवर एक सेन्सर. माणूस एकही नाही. तरी छतातला ताज्या हवेचा पंखा पूर्ण वेगानं चालला होता.

"म्याडम, सेन्सर नवा घातला, वायर बदलली," देवीदास शिडीवरून म्हणाला. "आत चिटपाखरू नाही अन् ह्याला वाटतंय ग्रामसभा भरलीय."

नमिता हसली आणि पिशवीतून मीटर काढू लागली. दोहातल्या बंगल्यांची एसी यंत्रणा तपासणं हे तिचं काम. माणसाच्या श्वासातून कार्बन डायऑक्साइड बाहेर पडतो. खोलीत तो वाढला की सेन्सर पंखा जोरात चालवतो. सेन्सर चुकू शकतो. हातातला मीटर तिनं सकाळीच तपासून घेतला होता.

दारात जर्मन राजदूत फोक्ट उभे होते. सदतीस वर्षांची नोकरी, नऊ देश. उद्या ते निवृत्त होऊन परत जाणार होते. त्यांच्या हातात एक कागद होता. ते आत येत नव्हते.

"पंखा असा कधीपासून चालतोय, सर?" तिनं इंग्रजीत विचारलं.

"सोमवारपासून. हा कागद सहीला आला त्या दिवसापासून."

तिनं मीटर टेबलावर ठेवला, देवीदासला पंखा आहे त्याच वेगावर बांधून ठेवायला सांगितलं आणि दोघं बाहेर आल्यावर दार लावून घेतलं.

"आत थांबलो तर आपलेच श्वास मोजले जातील. आधीचे निघून जायला तासभर लागेल."

"रिकाम्या खोलीत किती यायला हवं?"

"बाहेर असतं तितकंच. हवेच्या दहा लाख भागांत चारशे वीस. पंखा ह्या वेगात असताना एक माणूस बसला, की त्यावर सत्तर."

"सात बसले तर?"

"नऊशे दहा." ती त्यांच्याकडे वळली. "सातच का, सर?"

फोक्टनी कागद तिच्यापुढे धरला. शेवटची ओळ छापील होती : मागे राहिलेल्या व्यक्ती – शून्य. खाली सहीची जागा कोरी.

"पाच वर्षांपूर्वी एका शहरातली आमची कचेरी तीन दिवसांत बंद करावी लागली. विमानात कोण बसणार, ती यादी मी ह्या खोलीतून केली. फोनवरून. तिथली एकतीस माणसं आमच्याकडे कामाला होती. चोवीस आत पोचली आणि मी यादी बंद केली. सात जण तेव्हा फाटकाबाहेर उभे होते."

"मग?"

"मग त्यांचे फोन लागले नाहीत. कुणाचाच नाही. ही सही केली, की पुन्हा कुणी लावणारही नाही."

बंगल्यातल्या स्वयंपाक्यानं करक, म्हणजे तिकडचा दाट दुधाचा कडक चहा, आणून दिला. तिघांनी तो उभ्यानंच प्यायला.

तासाभरानं नमितानं श्वास रोखून दार उघडलं, आकडा पाहिला, मीटर उचलला आणि ती बाहेर आली.

"नऊशे आठ."

"यंत्र येडं झालंय," देवीदास म्हणाला. ह्या वेळी नमिता हसली नाही.

ती मीटर घेऊन बागेत गेली. उन्हात पाच मिनिटं उभी राहिली. चारशे वीस. यंत्र ठीक होतं. परत येऊन तिनं तो पुन्हा टेबलावर ठेवला आणि दार लावलं.

फोक्टनी कागद भिंतीला टेकवला होता. छापील शून्यावर त्यांनी रेघ मारली आणि खाली एक ते सात आकडे घातले. मग एकेक नाव मोठ्यानं म्हणत लिहू लागले.

"अफशां. दुभाषी. सायरा, ती टेलिफोनवर असायची. अनम. जैतून." आणखी दोन नावं झाली. सातव्या आकड्यापुढे पेन थांबलं.

"सातवा?" नमितानं विचारलं.

"तो चहा द्यायचा. सगळे त्याला काका म्हणायचे."

"आमच्याकडेही म्हणतात. पण खरं नाव?"

फोक्टनी सातच्या आकड्यापुढे पेन पुन्हा टेकवलं आणि उचललं.

"नाम तो होगा ना, साब?" देवीदास म्हणाला.

फोक्टना हिंदी येत नव्हती, पण प्रश्न कळला. "मी तिथे होतो तेव्हा अकरा महिने त्यानं मला रोज चहा दिला," ते म्हणाले. "मला साखर किती लागते, हे त्याला कधी विचारावं लागलं नाही."

यादी करताना हजर असलेल्या दोघांना त्यांनी फोन लावला. एकाला आठवेना. दुसरा म्हणाला, काकाच ना? सातव्या आकड्यापुढची जागा तशीच ठेवून फोक्टनी खाली सही केली.

तास भरला. नमितानं श्वास रोखला, दार उघडलं, आत एकदा पाहून ते पुन्हा लावलं, आणि कामाच्या कागदावर नोंद केली :

दुपारी तीन चाळीस. पंखा पूर्ण वेगात. खोली बंद, आत कुणी नाही. बाहेर ४२०. आत ४९१.