निळा झगा

"हाच तो," म्हणत इर्मेलीने पिशवीतून निळा झगा काढला आणि दोन्ही हातांनी उंच धरला. फिनलंडच्या उत्तर टोकाला, तिथल्या मूळ रहिवासी सामी लोकांच्या गावातल्या शाळेत, तिची ही या वर्षातली बाविसावी सभा. पाय सुजले होते. भाषण तर झोपेतही म्हणता आलं असतं.

"तीस वर्षांपूर्वी एका सिनेमात मी सामी बाईचं काम केलं. तुमची भाषा येत नव्हती, तुमच्याबद्दल काही ठाऊक नव्हतं. हा झगा चढवला आणि एक दारुडी, वेडगळ बाई रंगवली. वर बक्षीसही घेतलं. आज त्याची माफी मागायला आलेय."

नेहमीसारख्या टाळ्या पडल्या. ती झग्याची घडी घालू लागली, तेवढ्यात पहिल्या रांगेतली एक म्हातारी काठी टेकत पुढे आली. गळ्याशी शिवलेली लाल-पिवळी पट्टी तिने अगदी जवळून पाहिली. पट्टीवरून सामींचं घर ओळखता येतं, हे इर्मेली स्वतःच दर भाषणात सांगायची.

"ही आमच्या घरची," म्हातारी म्हणाली. "माझ्या आईने विणलेली. सिनेमावाले दोन दिवसांसाठी म्हणून हा झगा मागून घेऊन गेले होते."

इर्मेलीच्या तोंडून सवयीने तेच शब्द आले. "मला माफ करा."

"ते ऐकलं मघाशी." म्हातारीने थकल्यासारखा हात पुढे केला. "बाई, तुमचं दाखवून झालं असेल, तर द्या आता."