हसणारी बाई

“काका, आधी त्या बाईला उडवा,” प्रसाद म्हणाला. “बाकीचं मग बघू.”

जयप्रकाशांनी हेडफोन कानावरून उतरवला. जुईनगरच्या फ्लॅटमधली ती आतली खोली एलपी आणि वायरींनी भरलेली होती. हे दोघं शेजारी जुन्या रॉक अल्बमचं रेकॉर्डिंग घरच्या घरी साफ करून रॉकवेड्यांच्या ऑनलाइन ग्रुपवर टाकायचे. पगार नाही, आभार क्वचित, वाद मात्र पोटभर.

सध्याचा अल्बम मुंबईतल्या एका जुन्या बँडच्या कार्यक्रमात रेकॉर्ड झालेला होता. शेवटच्या गाण्यात सगळी वाद्यं थांबतात, एकटी गिटार हळू वाजत राहते, आणि नेमकी तेव्हाच प्रेक्षकांतली एक बाई खळखळून हसते. ग्रुपवर तिला कित्येक वर्षं शिव्या पडत होत्या.

“तुमी होता ना त्या शोला?” प्रसादनं विचारलं.

“होतो. पुढेच बसलो होतो.”

“मग गप करायचं ना तिला.”

“गप बसणाऱ्यातली नव्हती ती,” म्हणत जयप्रकाश स्क्रीनकडे वळले.

नव्या सॉफ्टवेअरनं हसणं आणि गिटार वेगळं करता येत होतं. पण हसणं ओढलं की थोडी गिटारही सोबत यायची. काढलेला आवाज जयप्रकाश दर वेळी वेगळा ऐकायचे. कचऱ्यात संगीत गेलं नाही ना, हे तपासायची या मंडळींची रीतच आहे. ऐकून ते नकारार्थी मान हलवायचे आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू. रविवारी अस्मिताचा वाढदिवस होता. लेकीला त्यांनी एकट्यानं वाढवलं, पण तिच्या मनासारखी भेट त्यांना कधी जमली नव्हती. या वेळी जमायलाच हवी होती.

“अस्मिता कुठं रॉक ऐकते, काका?”

“हे ऐकेल.”

शनिवारी संध्याकाळी जमलं. प्रसादनं डोळे मिटून ऐकलं. नुसती गिटार, हसणं औषधालाही नाही. त्यानं जयप्रकाशांना मिठीच मारली. त्यांचेही डोळे भरून आले होते. इतके खूश ते कित्येक वर्षांत झाले नव्हते.

“ग्रुपवर टाकू?”

“टाक. नाव तुझंच दे.”

प्रसाद गेल्यावर जयप्रकाशांनी कचऱ्याची फाइल पुन्हा एकदा लावली. गिटारचा कणही त्यात उरला नव्हता. ती त्यांनी अस्मिताला पाठवली आणि खाली लिहिलं, ‘अस्मू, तुझी आई अशी हसायची.’